दिव्यावर येणारे किडे आणि वृद्धांची त्वचा

आषाढातले पहिले दमदार पाऊस होऊन गेले की दिवेलागणीनंतर घरातल्या ट्यूबलाइटभोवती किड्यांची गर्दी जमू लागते. पंख गाळणारी वाळवी, हिरवे तुडतुडे, बारीक काळे भुंगेरे, पतंग यांचा सकाळी दिव्याखाली खच पडलेला असतो. ज्या घरात वयोवृद्ध आईवडील आहेत, विशेषतः कोणी अंथरुणाला खिळलेले आहे, तिथे या दिवसांत दोन प्रश्न हमखास विचारले जातात. हे किडे चावतात का? आणि त्यांना घराबाहेर कसे ठेवावे? पहिल्या प्रश्नाचे उत्तर बहुतेक किड्यांच्या बाबतीत ‘नाही’ असेच आहे. दुसऱ्याचे उत्तर थोडे सविस्तर द्यावे लागते, कारण किडे घालवण्याच्या आपल्या काही उपायांनी किड्यांपेक्षा अधिक इजा होते.

प्रथम निरुपद्रवी पाहुण्याविषयी. तांबड्या पाठीवर काळे ठिपके असलेला वाटोळा ढालकिडा, ज्याला मुले लेडीबर्ड म्हणतात, तो आपल्या खिडकीवर दिसला तर घाबरण्याचे काहीच कारण नाही. पिकावरचा मावा खाऊन जगणारा हा शेतकऱ्याचा सोबती आहे. त्याला दाबले तर पायांच्या सांध्यांतून पिवळा, उग्र वासाचा द्रव येतो. तो हाताला लागला तर साबणाने धुवावा, एवढेच पुरे. मात्र आपल्यापैकी ज्यांची मुले अमेरिकेत आहेत आणि जे शरद ऋतूत तिकडे राहायला जातात, त्यांना या किड्याचा एक नातलग शेकड्यांनी भेटण्याचा संभव असतो. मूळचा आशियातला हा ढालकिडा तिकडे मावा खाण्यासाठी मुद्दाम नेऊन सोडला गेला. आता थंडी पडू लागली की तो उन्हाच्या बाजूच्या भिंतींवर थवे करून बसतो आणि फटींतून घरात शिरून तिथेच हिवाळा काढतो. ज्यांना दमा किंवा नाकाची ॲलर्जी आहे, त्यांना अशा घरांत शिंका, डोळ्यांना खाज, क्वचित धाप यांचा त्रास होऊ शकतो. तिकडचे लोक त्यांना चिरडत नाहीत, कारण भिंतीवर पिवळे डाग पडतात आणि वास राहतो. ते व्हॅक्यूमने ओढून घेतात आणि थंडीपूर्वी खिडक्यांच्या फटी बुजवतात. आपण तिथे पाहुणे असाल तर तेच करावे, आणि नेहमीचा इनहेलर सामानात तळाशी न ठेवता हाताशी ठेवावा.

आपल्याकडे मात्र जो ओळखता यायला हवा, तो किडा वेगळा आहे. लांबी जेमतेम 7 ते 10 मिलिमीटर. एकदम पाहिले तर मोठी मुंगीच वाटावी. नीट पाहिले की डोके काळे, मान नारिंगी, मधोमध निळसर-काळी चकाकणारी आखूड पाठ, त्यामागे पुन्हा नारिंगी पट्टा आणि शेवटी काळे टोक अशी रंगसंगती दिसते. तो भरभर पळतो आणि डिवचले की विंचवासारखी शेपटी वर करतो. शास्त्रज्ञ त्याला पीडेरस म्हणतात. वर्तमानपत्रांतून ‘नैरोबी माशी’ किंवा ‘ॲसिड माशी’ अशी नावे आपण वाचली असतील. तो माशी नाही, भुंगेऱ्यांच्याच कुळातला आहे. भातखाचरे, ओलसर गवत, कुजलेला पालापाचोळा ही त्याची वस्ती. तिथे तोही तुडतुडे आणि मावा खाऊन शेतीला मदतच करतो. रात्री मात्र पांढऱ्या झगझगीत दिव्याची त्याला ओढ वाटते आणि तो आपल्या खोलीत येतो.

हा किडा चावत नाही आणि डंखही मारत नाही. त्याच्या शरीरातील द्रवात पेडेरिन नावाचे विष असते. इटलीतील पावान आणि बो या संशोधकांनी ते 1953 मध्ये स्फटिकरूपात वेगळे केले. किडा अंगावरून नुसता चालत गेला तर सहसा काही होत नाही. आपण त्याला झोपेत चिरडतो किंवा मानेवर काही वळवळले म्हणून चापटी मारतो, तेव्हा ते विष त्वचेवर पसरते. चापटीनंतर हात जिथवर फिरला, तिथवर त्याची रेघ उमटते.

गंमत अशी की त्या क्षणी काहीच जाणवत नाही. साधारण 12 ते 36 तासांनी जागा लाल होते, आग होऊ लागते आणि दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी तिच्यावर बारीक पाण्याचे किंवा पुवाचे फोड येतात. चटका बसावा तशी ती लांबट लाल रेघ असते. कोपराच्या किंवा गुडघ्याच्या वळणात विष लागले तर वळणाच्या दोन्ही बाजूंना समोरासमोर सारखेच चट्टे उठतात. रात्री घडलेली गोष्ट दुसऱ्या दिवशी संध्याकाळी प्रकट होत असल्यामुळे कारण लक्षात येत नाही. मग कोणी म्हणते कोळी अंगावरून गेला, कोणी म्हणते किडा मुतला. हे दुसरे स्पष्टीकरण, शब्द ग्राम्य असले तरी, खऱ्याच्या बरेच जवळ जाते.

हे प्रकार एकेकट्या घरापुरते असतात असे नाही. 2022 च्या जुलैमध्ये सिक्कीममधील एका अभियांत्रिकी महाविद्यालयाच्या परिसरात सुमारे शंभर विद्यार्थ्यांना एकाच सुमारास असे चट्टे उठले होते. तरुण त्वचा आठ-पंधरा दिवसांत सावरते. वृद्धांच्या बाबतीत हिशेब थोडा बदलतो. त्यांची त्वचा पातळ झालेली असते, नखाच्या ओरखड्यानेही ती उचकटते. मधुमेह असेल तर फुटलेल्या फोडात जंतुसंसर्ग लवकर होतो. स्मृतिभ्रंश झालेल्या आजीला ‘इथे आग होते’ असे सांगता येत नाही. ती नुसती अस्वस्थ होते, खाजवते, जेवण नाकारते, आणि घरचे पोटाचे काहीतरी बिनसले असे समजतात. म्हणून काळजी घेणाऱ्यांना माझी विनंती आहे की, या चार महिन्यांत सकाळी अंग पुसताना मान, कानामागची जागा, काखा, कंबर आणि गुडघ्यांच्या मागची बाजू उजेडात पाहून घ्यावी. त्याला दोन मिनिटांपेक्षा अधिक वेळ लागत नाही.

आता या लेखातला मला सर्वांत महत्त्वाचा वाटणारा मुद्दा. त्वचेवर लाल पट्टा, त्यावर फोडांचा घोस आणि असह्य आग हे वर्णन आणखी एका आजारालाही तंतोतंत लागू पडते. तो म्हणजे नागीण. पावसाळ्यात माझ्या दवाखान्यात दोन्ही प्रकारची चूक करून माणसे येतात. काहींना किड्याचा चट्टा असतो आणि घरच्यांनी नागीण समजून गेरूचा लेप दिलेला असतो. काहींना खरोखरच नागीण असते, आणि ‘किडा फिरला असेल’ म्हणून चार दिवस कॅलामाइन लावत काढलेले असतात. पहिल्या चुकीने फारसे बिघडत नाही. दुसरी महाग पडते.

नागीण हा कांजिण्यांच्याच विषाणूचा उशिरा उमटणारा अवतार आहे. लहानपणी कांजिण्या होऊन गेल्यावर हा विषाणू मज्जातंतूंच्या मुळाशी निपचित पडून राहतो आणि वय वाढून प्रतिकारशक्ती उतरली की त्या एका मज्जातंतूच्या वाटेने त्वचेवर येतो. त्यामुळे नागीण बहुधा शरीराच्या एकाच बाजूला पट्ट्यासारखी उठते आणि मधली रेषा सहसा ओलांडत नाही. दुसरी खूण वेदनेची. नागिणीत पुरळ दिसण्याआधी एक ते तीन-चार दिवस त्या भागात ठणका, टोचणी किंवा कपड्याचा स्पर्शही नकोसा वाटणारी जळजळ सुरू झालेली असते. कित्येकदा छातीतल्या अशा दुखण्याचा ईसीजी काढला जातो, तो नीट येतो, आणि दोन दिवसांनी फोड दिसतात. किड्याच्या विषाने आधी दुखत नाही. तिथे लाली आणि आग जवळजवळ बरोबरच येतात, रेघ कोणत्याही दिशेने जाते, शरीराच्या दोन्ही बाजूंना चट्टे असू शकतात, आणि ते बहुधा उघड्या भागांवर म्हणजे मान, चेहरा, दंड यांवर असतात.

हा भेद घरी शंभर टक्के करता येईल असा आग्रह धरू नये. पन्नाशीच्या पुढच्या व्यक्तीला फोडांचा पट्टा दिसला की त्याच दिवशी किंवा फार तर दुसऱ्या दिवशी डॉक्टरांना दाखवावे. घाई यासाठी, की नागिणीवरील विषाणूरोधक गोळ्यांचा उत्तम उपयोग पुरळ उठल्यापासून 72 तासांच्या आत सुरू केल्यास होतो. फोड सुकून गेल्यावरही महिनोन्महिने, कधी वर्षानुवर्षे मागे राहणारी मज्जातंतूची वेदना हे नागिणीचे खरे भय आहे आणि वयाबरोबर तिची शक्यता वाढत जाते. तोंड आणि शेपूट मिळाली की माणूस दगावतो, ही समजूत निराधार आहे. पण त्या भीतीपोटी लोक मांत्रिकाकडे जातात आणि नेमके ते तीन दिवस हातचे जातात. मूत्रपिंडाचा विकार असेल तर या गोळ्यांची मात्रा कमी करावी लागते, म्हणून घरातल्या दुसऱ्या कोणाची उरलेली पाकिटे वापरू नयेत. दोन मात्रांची नागिणीची लसही 2023 पासून भारतात मिळू लागली आहे. ती महाग आहे हे खरे, पण पन्नाशी ओलांडलेल्यांनी आपल्या डॉक्टरांशी तिच्याविषयी एकदा बोलून घ्यावे.

चट्टा किड्याचाच आहे असे ठरले तर उपचार सोपा आहे. साबण आणि भरपूर पाण्याने जागा धुवावी. विष त्वचेत शिरून काही तास उलटले असले तरी कपड्यांवर आणि हातांवर उरलेले विष निघून जाते. अंगातले कपडे, उशीचा अभ्राही धुवायला टाकावा. गार पाण्याच्या घड्या दिवसातून तीन-चार वेळा ठेवल्या की आग उतरते. फोड फोडू नयेत. डॉक्टर तपासून सौम्य स्टेरॉइड मलम आणि गरज पडल्यास प्रतिजैविक देतील. औषधांच्या दुकानातून ‘खाजेचे मलम’ म्हणून मिळणारी तीन-चार औषधांची मिश्रणे स्वतःहून लावू नयेत. चुना, लिंबू, टूथपेस्ट, कडक जंतुनाशक यांपैकी प्रत्येक गोष्ट लावून आलेले रुग्ण मी पाहिले आहेत. भाजलेल्या त्वचेला पुन्हा भाजण्याचाच तो प्रकार होय.

खाजेच्या गोळीविषयीही सावध राहावे. सर्दी-खाजेच्या जुन्या पद्धतीच्या, झोप आणणाऱ्या गोळ्या वृद्धांना मानवत नाहीत. त्यांनी तोल जातो, भ्रम होतो आणि प्रोस्टेट वाढलेल्या पुरुषांची लघवी तुंबू शकते. एका चट्ट्यापायी रुग्णालयात नळी घालण्याची वेळ यावी, हे कोणालाच नको असते.

डोळ्याची गोष्ट वेगळी. विषाचा हात डोळ्याला लागला तर पापणी सुजते, डोळा लाल होऊन पाणी वाहते. आफ्रिकेत याला ‘नैरोबी डोळा’ असेच नाव पडले आहे. अशा वेळी स्वच्छ पाण्याने डोळा भरपूर धुवावा आणि नेत्रतज्ज्ञांकडे जावे. मोतीबिंदूच्या शस्त्रक्रियेनंतर उरलेले थेंब कपाटात असतात, ते घालण्याचा मोह टाळावा. त्यांत बहुधा स्टेरॉइड असते, आणि डोळ्यात नागीण किंवा जंतुसंसर्ग असेल तर त्याने दृष्टीला इजा होऊ शकते. कपाळावर आणि नाकाच्या शेंड्यावर फोड असतील तर नागीण डोळ्यात उतरण्याची शक्यता असते. त्या दिवशीची अपॉइंटमेंट दुसऱ्या दिवसावर ढकलू नये.

आता किड्यांना घराबाहेर ठेवण्याविषयी. दिवेलागणीच्या थोडे आधी खिडक्या लावून घेणे हा सर्वांत स्वस्त आणि परिणामकारक उपाय आहे. तास-दीड तासाने, बाहेरची गर्दी ओसरल्यावर, जाळीची खिडकी उघडता येते. जाळीच्या चौकटीला फट राहिली असेल तर ती बुजवावी. दाराखालच्या फटीला रबरी पट्टी लावून घ्यावी. तिथे पायपुसणे गुंडाळून ठेवण्याची पद्धत आहे, पण वृद्ध माणूस त्याला अडखळतो, म्हणून ती मला पसंत नाही. खिडकीलगतच्या कुंड्यांखालचा कुजका पाला काढून टाकावा. बाहेर वाळत घातलेले कपडे अंधार पडण्यापूर्वी आत घ्यावेत आणि झटकून मगच घडी घालावी. टॉवेल तर तोंड पुसण्याआधी जरूर झटकावा. पलंग दिव्याच्या बरोबर खाली असेल तर शक्य तेवढा बाजूला सरकवावा, कारण दिव्याला धडकलेले किडे खाली गादीवर पडतात. मच्छरदाणी दिवे लागण्याआधी गादीखाली खोचून घेतली की डास आणि किडे दोन्ही बाहेर राहतात.

दिव्याखाली पाण्याची परात ठेवण्याची आपल्याकडे जुनी रीत आहे. ती ओसरीवर ठीक. वृद्धांच्या खोलीत सांडलेले पाणी म्हणजे घसरण्याला निमंत्रण. पाण्यात रॉकेल घालणे तर कटाक्षाने टाळावे.

दिव्यांबाबत थोडे थांबून सांगायला हवे. पांढऱ्या, निळसर झाक असलेल्या प्रकाशाकडे किडे अधिक येतात, पिवळसर प्रकाशाकडे कमी. म्हणून खोलीत संध्याकाळपुरता पिवळसर एलईडी लावावा आणि पांढरा झगझगीत दिवा लावायचाच झाला तर तो अंगणात दारापासून लांब लावावा. एवढ्यावर न थांबता काही घरे ‘किडे येतात’ म्हणून संपूर्ण अंधार करून टाकतात. इथे मी हात जोडून सांगेन की असे करू नका. रक्तदाबासाठी लघवीची गोळी घेणारे किंवा प्रोस्टेटचा त्रास असलेले आजोबा रात्रीतून दोन-तीनदा उठतात. अंधारात चप्पल शोधताना, उंबरठ्यावर ठेचकाळून ते पडले तर खुब्याचे हाड मोडते, आणि त्यानंतरचे महिने त्यांना आणि घरच्यांना किती कठीण जातात हे ज्यांनी अनुभवले आहे त्यांना वेगळे सांगायला नको. पिवळसर, मंद, जमिनीलगत लावलेला रात्रीचा दिवा पलंगापासून न्हाणीघरापर्यंतच्या वाटेवर असायलाच हवा. त्याच्या उजेडात चार किडे आले तर येऊ द्यावेत.

तीच गोष्ट फवाऱ्यांची. बंद खोलीत कीटकनाशक मारून लगेच दमेकरी माणसाला तिथे निजवणे किंवा रात्रभर उशाशी कॉइल जाळणे हे किड्याच्या चट्ट्यापेक्षा घातक ठरू शकते. फवारणी करायचीच असेल तर माणसे बाहेर असताना करावी, खोली पुरेशी हवेशीर होऊ द्यावी आणि लादी पुसून घ्यावी. अंगाला लावण्याची डास-प्रतिबंधक मलमे या किड्यावर भरवशाची नाहीत.

अंगावर किडा चालताना दिसला तर हाताने मारू नये. फुंकर मारावी, किंवा त्याच्यासमोर कागद धरून त्यावर चढू द्यावा आणि बाहेर झटकावा. हे वाचायला सोपे आहे, पण साठ-सत्तर वर्षांची चापटी मारण्याची सवय एका दिवसात जात नाही. म्हणून मारलाच गेला, तर लगेच उठून ती जागा आणि तो हात साबणाने धुवावा, आणि त्यापूर्वी डोळे चोळू नयेत. मेलेल्या, सुकलेल्या किड्यातही विष टिकून राहते, तेव्हा सकाळी गादीवरचे किडे हाताने न वेचता झाडणीने काढावेत आणि मग चादर बदलावी.

चट्टा भरून आल्यावर मागे तपकिरी डाग राहतो आणि तो फिका व्हायला काही आठवडे, कधी काही महिने लागतात. सावळ्या कांतीवर तो जरा अधिक काळ दिसतो. त्यासाठी डाग घालवणारी क्रीम लावण्याची गरज नाही. बाहेर जाताना पदराने किंवा उपरण्याने ती जागा उन्हापासून झाकली आणि रोज थोडे खोबरेल तेल लावले, तरी पुरते. मात्र दोन आठवडे उलटूनही जखम ओली राहिली, तिच्याभोवती लाली पसरू लागली किंवा ताप आला, तर पुन्हा दाखवायला यावे. येताना रक्तातील साखरेचा अलीकडचा अहवाल आणि चालू असलेल्या सर्व गोळ्या सोबत आणाव्यात.